दार लावून दिलेली धुरी

पोरीची मान लोंबत होती. दीड महिन्याची नात माझ्या लेकाच्या पसरलेल्या पायांवर पडलेली, ओठ पांढरेफटक. लेक तिच्याकडं बघतही नव्हता. भिंतीला डोकं टेकून बसला होता. पुढ्यात माझा नवरा शेगडी फुंकत होता. मी दार ढकललं तसा सगळा धूर माझ्या तोंडावर आला.

पोरीला उचलून अंगणात पळाले. पाठ चोळली, तळपायाला चिमटे काढले. रडेना.

सून तापानं पौडच्या दवाखान्यात होती. मी तिला डबा द्यायला गेले होते. आंघोळ मी आल्यावर घालीन, असं सांगून गेले होते. पण पोरीनं सगळं अंग घाण करून घेतलं आणि या दोघांनी ठरवलं, आपणच घालू. आंघोळीनंतर ओव्याची धुरी देतात, एवढं त्यांना ठाऊक. मी दोन निखाऱ्यांवर चिमूटभर ओवा टाकते, दार उघडं ठेवून. यांनी अर्धवट पेटलेल्या कोळशांनी शेगडी भरली.

"अवं, दार कशाला लावलं?"

"वारं लागंल म्हणून," नवरा म्हणाला. "खिडकीत पोतं बी कोंबलं."

"डासांसाठी गोठ्यात करता तशी केली व्हय धुरी?"

"म्हशीला काय झालंय का कधी?"

गोठ्याला एका बाजूनं भिंतच नाही, हे मी नंतर ऐकवलं.

शेजाऱ्याच्या जीपमधून पौडला निघालो. लेकाला अंगणातच ओकारी झाली होती, त्याला धरून बसवावं लागलं.

"आये, म्या मारली का गं तिला?"

"गप बस. तिचा श्वास ऐकू दे."

इंजिनाच्या आवाजात काही ऐकू येईना. नाकापुढं बोट धरलं, तर खिडकीतून वारा येत होता. तो तिचा की बाहेरचा, कळेना. एका वळणावर ती किंचित कण्हली. परत गप्प झाली.

डॉक्टरांनी तिला ऑक्सिजन लावला. मग नवऱ्याला म्हणाले, "काका, तुम्हीपण झोपा. तुम्हालाही लावायचाय."

"मला कशाला? मी नुसता फुंकत हुतो."

"कोळशाचा विषारी वायू फुंकणाऱ्यालाच जास्त लागतो."

पलीकडच्या खोलीत सून सलाईन लावून पडली होती. तिला यातलं काहीच माहीत नव्हतं.

"आत्याबाई, बाळाला न्हाऊ घातलं का?"

"घातलं," मी म्हटलं.

संध्याकाळी पोरगी भुकेनं रडली. धुरीच्या खोलीत होती ती तिघंही जगली.