ए चोवीसची भजी

बुद्धप्रिया सोनकांबळेला रोग सगळे तोंडपाठ, पण रोगी तिनं एकही बघितलेला नव्हता. नांदेडच्या एका मोठ्या खाजगी दवाखान्याच्या तळघरात, रेकॉर्ड रूममध्ये ती बसायची. वर माणूस बरा होवो की मरो, त्याची फाईल जिन्यावरून खाली यायची. डॉक्टरांनी लिहिलेल्या निदानाला जगभर चालणारा नंबर द्यायचा, एवढंच तिचं काम. याला कोडिंग म्हणतात. निलंग्याला तिची आई भामाबाई शेजारणींना सांगायची, "माझी प्रिया रोगांची हजेरी घेती."

घरीही तेच. सासूचे गुडघे धरले की ही म्हणायची, "आत्या, तुमचं एम सतरा लई वाढलंय."

"नंबर देऊन दुखणं जातं व्हय गं? तेल आण."

रेकॉर्ड रूमची एक रीत होती. तिथं आजवर कधीच न वापरलेला नंबर कुणाच्या हातून पडला, की 'कोड फुटला' म्हणायचं आणि ज्याच्या हातून फुटला त्यानं सगळ्यांना भजी खाऊ घालायची. ही रीत तिथले साहेब मल्लिनाथ बिरादार यांनी पाडलेली. देगलूरकडचा माणूस, खाण्याचा शौकीन.

त्या मे महिन्यात लातूरच्या लॅबमधून एक रिपोर्ट आला. नांदेडला ओळखू न आलेला जंतू त्यांनी ओळखला होता. पेशंट ग्यानोबा, हिमायतनगरच्या पलीकडच्या तळ्याकाठच्या गावाचा शेतकरी, साखरेचा आजारी. ताप आणि खोकला घेऊन आला होता. डॉक्टरांनी छातीचा फोटो बघून क्षय धरला, गोळ्या सुरू केल्या आणि घरी पाठवला. फाईलवर बुद्धप्रियानंच क्षयाचा ए सोळा टाकला होता. आता रिपोर्ट म्हणत होता, क्षय नाही. मेलिऑइडोसिस. मातीत, गाळात राहणारा जंतू.

तिनं यादी उघडली, बोट खाली सरकवलं आणि ओरडलीच, "सर, ए चोवीस!"

"काय सांगती! दाखव, दाखव." मल्लिनाथ खुर्चीसकट सरकत आले. "आपल्याकडं हा कधी पडलाच न्हाई. फुटला! मागव, मिरचीची मागव."

भजी आली. रिपोर्ट हातोहात फिरला, त्याच्यावर तेलाचं बोट उमटलं. बुद्धप्रियानं जुना नंबर खोडून नवा टाकला. फाईल बंद करताना तिची नजर शेवटच्या पानावर गेली. 'प्रकृतीत सुधारणा. क्षयाच्या गोळ्या चालू ठेवाव्यात.'

तिच्या हातातली भजी हातातच राहिली.

"सर, या माणसाला कुणी सांगितलं का?"

"काय?"

"हेच. की क्षय न्हाई म्हणून."

मल्लिनाथांनी बोटं पुसली. "लॅबवाल्यानं डॉक्टरला सांगितलं असंल की."

ती रिपोर्ट घेऊन वर धावली. दवाखान्याच्या लॅबमधला माणूस म्हणाला, "पेशंट घरी गेलेला. म्हणून आम्ही फाईलला लावायला खाली धाडला. नेहमीसारखा."

ग्यानोबाचे डॉक्टर अमरनाथ म्हणाले, "मला कुणी काहीच बोललं नाही." मग रिपोर्ट वाचला आणि उभेच राहिले. "कुठंय हा माणूस?"

"घरी."

"क्षयाच्या गोळ्यांनी हा जंतू मरत नाही. साखरेच्या माणसाच्या रक्तात उतरला तर…" त्यांनी रिपोर्ट तिच्या हातात परत दिला. "फोन लाव. आत्ता."

फाईलमधला फोन नंबर ग्यानोबाचा नव्हताच. त्याला दवाखान्यात घेऊन आलेल्या जीपवाल्याचा होता. तो माहूरला भाविक घेऊन गेलेला, मागं घंटांचा आवाज.

"ग्यानोबा मामा? त्यांच्या गावात रेंज न्हाई, ताई. काय झालं?"

"ते बरे हायेत का?"

"आता काय सांगू? सकाळी तिकडून येताना बघितलं, त्यांच्या दारात लई माणसं जमलीती. चपलाच चपला. मी घाईत होतो."

बुद्धप्रियानं फोन ठेवला. मराठवाड्यात दारात चपला दोनच वेळेला जमतात.

ॲम्ब्युलन्स निघाली. गावाचा पत्ता फक्त तिलाच वाचून पाठ, म्हणून डॉक्टरांनी तिलाच बसवलं. ड्रायव्हर केरबा गाडी दामटत होता. ऊन काचेतून भाजत होतं. ग्यानोबाच्या बायकोशी ती मनात बोलून बघत होती. 'मावशी, मी दवाखान्यातून आले.' आणि मावशीनं विचारलं, आता कशाला आलीस, तर?  भज्यांचा वास अजून बोटांना होता. तिनं हात साडीला पुसले, पुन्हा पुसले.

गावाच्या शिवेवर माणसं दिसली. उघडी डोकी, खांद्यावर टॉवेल, अनवाणी, ओल्या धोतरांनी नदीकडून परत येत होती. केरबानं गाडी आपोआप हळू केली.

"विचार," ती म्हणाली.

केरबानं डोकं बाहेर काढलं. "कुणाचं व्हतं हो, मामा?"

"वैजनाथच्या आजीचं. पिकलं पान. तुमी कुणाकडं?"

बुद्धप्रियाच्या तोंडून 'बरं झालं' निघून गेलं. मग तिनं तोंडावर हात ठेवला.

ग्यानोबाच्या दारात चपला होत्याच. ॲम्ब्युलन्स दिसताच एक बाई धावत बाहेर आली. ती केवळाबाई, ग्यानोबाची बायको. नवी साडी, कपाळाला ताजं कुंकू.

"गाडी मागं घ्या! कुणी बोलावली? माझ्या पोरीला, ऋतुजाला बघायला पाव्हणे आलेत आत!"

"मावशी, ग्यानोबा मामा कुठायत?"

"हळू बोल, माय. मागच्या खोलीत झोपवलंय. पाव्हण्यांना हिवताप म्हणून सांगितलंय. टीबीच्या घरची पोरगी कोण करंल?"

"मावशी, त्यांना टीबी न्हाईच."

केवळाबाईनं दोन्ही हात जोडले. डोळ्यांत पाणी. "न्हाई? रेणुकामाय पावली गं! हेच सांगायला आलीस व्हय? बस, चहा घेऊन जा."

 आपण चांगली बातमी दिली, असं या बाईला वाटतंय.

"तसं न्हाई, मावशी. दुसरंच हाय. त्याहून वाईट. आत्ताच न्यावं लागतं."

"काय हाय?"

तिच्या जिभेवर ए चोवीस आलं. दुसरं काही येईना. या रोगाचा नंबर तिला येत होता, त्यात माणसाचं काय होतं ते कधी वाचलंच नव्हतं.

"मामांनी तळ्यातला गाळ वाहिला का?"

"वाहिला की. शेतात टाकायला. पायाला काटा लागलेला, तसाच चालला उघड्यानं."

"त्या गाळातला जंतू हाय. गोळ्या चुकीच्या चालल्यात. चूक आमची हाय, मावशी. चला."

 आत पाव्हण्यांच्या हसण्याचा आवाज. केवळाबाई वळली, दारातूनच म्हणाली, "पाव्हणं, पोहे खाऊन घ्या. मी मालकाला दवाखान्यात न्यायले. पोरगी पसंत असंल तर थांबा, नसंल तर जावा."

मागच्या खोलीत ग्यानोबा भिंतीकडं तोंड करून पडले होते. श्वास घरघरत होता. बुद्धप्रियानं त्यांचा हात धरला आणि दचकली. माणूस एवढा तापतो, हे तिला माहीत नव्हतं.

"पोरी," ते म्हणाले, "माझ्या तळ्याच्या मातीनं धरलं व्हय मला?"

 परतीच्या वाटेवर तो हात तिनं सोडला नाही. पुलाच्या धक्क्याला श्वास थांबल्यासारखा झाला की ती ओरडायची, "मामा!" आणि ते कण्हायचे. कण्हले की तिला बरं वाटायचं.

पुढं कितीतरी आठवडे ते वर होते आणि ती खाली. वर जाऊन विचारायचा तिला धीर होत नव्हता. एवढं माहीत होतं, की काहीही झालं तरी फाईल तिच्याच टेबलावर येणार.

एके दिवशी आली. जाड, दोरीनं बांधलेली.

"उघड की," मल्लिनाथ म्हणाले.

"तुम्ही उघडा, सर."

त्यांनीही हात लावला नाही.  तेवढ्यात जिन्यावरून आवाज आला, "ती आकड्यावाली बाई कुठं बसती हो?"

केवळाबाई होती. हातात हळकुंडांची पिशवी. तिच्यामागं जिन्याच्या कठड्याला धरून, निम्मे झालेले ग्यानोबा, एक एक पायरी उतरत होते. बुद्धप्रिया उठली आणि आपली खुर्ची त्यांच्याकडं सरकवली.

"घरच्या शेतातली हळद हाय," केवळाबाई म्हणाली. "पाव्हणे थांबले बरं का. आता सांग, गेला का तो रोग?"

"लई दिवस गोळ्या घ्यायच्यात. एक चुकली तरी उलटतो. आणि उघड्या पायानं चिखलात जायचं न्हाई."

"म्हंजे अजून भ्यायचंच व्हय?"

बुद्धप्रियानं टेबलावरच्या फोनकडं बघितलं. त्या दिवसापासून रेकॉर्ड रूममध्ये आधी पेशंटच्या घरी फोन लागतो, मग नंबर पडतो. पलीकडं घंटी वाजत राहते आणि कुणी उचलेपर्यंत ती श्वास धरून असते. भजी पुन्हा आली नाहीत.

"हाव, मावशी," ती म्हणाली. "भ्यायचं. मी बी भेते."