आर्जियाच्या खिडकीतला पाव

आर्जियाच्या खिडकीत पहिला पाव कोणी ठेवला, ते तिलाही नीट सांगता आलं नसतं. वसंतातली सकाळ होती. गल्लीत सायकलींच्या घंट्या वाजल्या, दहा-बारा परदेशी माणसं कमानीखाली उतरली आणि त्यांचा वाटाड्या मिर्को त्यांना इंग्रजीत काहीबाही सांगू लागला. आर्जिया तळमजल्याच्या खिडकीत मटार सोलत बसली होती. माणसं तिच्याकडे टक लावून बघत होती. बोलणं संपलं तशी लाल केसांची एक बाई पुढे आली. इटलीतल्या या फेरारा शहरात मिळतो तसा चार शिंगांचा कुरकुरीत पाव तिने खिडकीच्या दगडी पट्टीवर ठेवला, आर्जियाचा हात दाबला आणि डोळे पुसत सायकलवर बसली.

आर्जियाने पाव हुंगून पाहिला. ताजा होता. दुपारी तिने तो सुपाबरोबर खाल्ला.

या मिर्को पारेस्कीचा धंदा नवा होता. "किल्ला काय, आंधळ्यालासुद्धा दिसतो," तो म्हणायचा. "खरं शहर वेशीच्या तटाच्या आतल्या बाजूला, मुकाट गल्ल्यांमधे आहे." म्हणून तो पाहुण्यांना सायकलींवरून दक्षिणेकडच्या विटांच्या अरुंद बोळांतून फिरवायचा. तिथे फक्त म्हातारी माणसं, मांजरं आणि वाळत घातलेल्या चादरी. पहिल्या पावानंतर दुसरा आला, मग रोज येऊ लागले. कधी एक, कधी सहा. पाहुण्यांना मिर्को वाटेतल्या बेकरीवर थांबवून पाव घ्यायला लावतो, हे आर्जियाला ठाऊक नव्हतं. तिला वाटलं, जगात अजून चांगली माणसं आहेत.

असं वाटण्याची सवय तिला नव्हती. पो नदीच्या मुखाशी, दलदलीतल्या खेड्यात ती जन्मली. सोळाव्या वर्षी फळांच्या गोदामात नासपती निवडायला शहरात आली आणि तिथेच ट्रक भरणाऱ्या नेविओशी तिचं लग्न झालं. नेविओ दिसायला देखणा, बोलायला गोड. घर त्याच्या आईचं. मुलगी लोरेदाना सहा वर्षांची असताना एका रविवारी तो "पाव आणतो" म्हणाला, सायकलवर टांग मारली आणि गेला तो गेलाच. नदीत पडला म्हणून आर्जियाने पोलिसांना दोन दिवस गळ टाकायला लावले. तिसऱ्या दिवशी बेकरीवालीने सगळ्या गिऱ्हाइकांदेखत सांगितलं, "अगं, काठावर कसली रडतेस? रोविगोला आहे तो, त्या केस कापणारीकडे. अख्ख्या गल्लीला माहीत आहे."

अख्ख्या गल्लीला माहीत होतं. तिला तेवढं नव्हतं.

पुढे कित्येक वर्षं गोदामातल्या बाया जेवणाच्या सुट्टीत विचारायच्या, "आर्जिया, आला का गं पाव?" आणि एकमेकींच्या अंगावर पडून हसायच्या. शाळेत पोरं लोरेदानाला तेच विचारायची. सासू होती ती अंथरुणाला खिळेपर्यंत म्हणत राहिली, "बाईत दम असता तर पोरगा गेला असता का?" त्या सासूचं हगणंमुतणं आर्जियानेच काढलं, कारण घर तिचं होतं आणि आर्जियाला दुसरीकडे जायला जागा नव्हती. लोरेदाना मोठी झाली तशी तुरीनला गेली. नाताळला फोन करायची, तोही घाईत.

तेव्हा कोणीतरी आपला हात दाबतं, आपल्याकडे बघून कोणाचे तरी डोळे भरतात, ही गोष्ट आर्जियाला दारूसारखी चढली. तिने केस सेट करून घेतले. पेटीतला निळा स्वेटर बाहेर काढला. खिडकीत जिरेनियमच्या कुंड्या आल्या. सायकलींच्या वेळेआधी ती खुर्ची ओढून बसू लागली आणि तुरीनला आपण होऊन फोन लावून म्हणाली, "लोरे, मला लोक फार जीव लावतात गं इथे." पलीकडून मुलगी म्हणाली, "बरं आहे. आई, मी नंतर बोलते."

समोरच्या घरात नोर्मा राहायची. कपडे शिवायची, आणि गोदामातल्या त्या हसणाऱ्या बायांपैकी जिवंत राहिलेली ती एकटी. आर्जियाचे पाव तिच्या डोळ्यांत सलत होते. तिच्या नातीला इंग्रजी येत होतं. नातीला तिने एका सकाळी कमानीखाली ऐकायला उभं केलं आणि त्याच दुपारी नोर्मा आर्जियाच्या दारात आली.

"तो मिर्को काय सांगतो, कळतं का तुला?"

"माझ्याबद्दल काहीतरी चांगलंच सांगत असेल."

"चांगलं? सांगतो की ही बाई वेडी आहे. नवरा पाव आणायला गेला आणि परत आला नाही, कुठे गेला कोणाला ठाऊक नाही, आणि ही चाळीस वर्षं खिडकीत बसून त्याची वाट बघते. पाव ठेवला की हिला बरं वाटतं म्हणे. डुकराला शेंगा टाकतात तसं टाकतायत ते तुला, आणि तू केस सेट करून बसतेस!"

मग नोर्मा म्हणाली, "मला वाटलं तुला माहीत आहे." आणि चेहरा शक्य तितका दुःखी करून गेली.

दुसऱ्या दिवशी आर्जियाने मिर्कोला त्याच्या सायकलींच्या शेडमधे गाठलं. तो चाकात हवा भरत होता.

"लाज वाटते का रे तुला?"

"काय झालं, आजी?"

"आजी कोणाला म्हणतोस? तुझ्या घरची आहे का मी? मी वाट बघते? त्या कुत्र्याची? लोकांना खरं सांग, तो रोविगोला त्या बाईच्या घरात लोळतोय म्हणून!"

मिर्कोने पंप खाली ठेवला. मुलगा वाईट नव्हता. नुसता हसतमुख होता. "सांगतो की," तो म्हणाला. "उद्यापासून खरं सांगतो. मग कोण थांबेल तुमच्या दाराशी? नवऱ्याने टाकलेल्या बाया काय, दर गल्लीत तीन आहेत. त्यांना कोणी पाव देतं?" मग जवळ येऊन हळूच म्हणाला, "तुम्ही काही खोटं बोलू नका. तुम्ही नुसत्या बसा."

आर्जिया घरी आली. खिडकी लावली. दोन सकाळी ती स्वयंपाकघरात बसून घंट्या ऐकत राहिली. तिसऱ्या सकाळी निळा स्वेटर घालून खुर्चीत बसली. आता लोक काय बघायला येतात हे तिला कळलं होतं, त्यामुळे ती पूर्वीसारखं हसली नाही. मान थोडी कलती ठेवली आणि नजर गल्लीच्या तोंडाशी लावली, जिथून माणूस येतो. त्या दिवशी खिडकीच्या पट्टीवर नऊ पाव जमले. मिर्कोने जाताना तिला डोळा मारला.

उन्हाळा असा गेला. कोणीतरी काढलेला फोटो पेपरात छापून आला: जिरेनियम, पाव आणि वाट बघणारी आर्जिया. तो फोटो रोविगोत नेविओने पाहिला. त्याची केस कापणारी वारली होती आणि तिच्या मुलाने त्याला सामानासकट बाहेर काढलं होतं. कोणाच्या तरी पडवीत झोपायचा. फोटो बघून त्याला काय वाटलं असेल, ते त्याच्या येण्यावरूनच कळत होतं.

धुक्याचे दिवस सुरू झाले होते. मिर्कोचं बोलणं ऐन रंगात आलेलं असताना गल्लीच्या तोंडाशी एक म्हातारा दिसला. हातात कापडी पिशवी, अंगात दुसऱ्या कोणाचा तरी कोट. तो सायकलींमधून वाट काढत थेट खिडकीशी आला आणि टोपी काढून उभा राहिला.

"आर्जिया," तो म्हणाला. "मी आलोय गं. पेपरात पाहिलं. मला काय माहीत, तू अशी..." तो खरंच रडत होता.

पाहुण्यांना भाषा कळली नाही, पण बाकी सगळं कळलं. एका बाईने तोंडावर हात धरला. कोणीतरी टाळी वाजवली, मग सगळ्यांनीच. मिर्को एकदा याच्याकडे, एकदा तिच्याकडे बघत होता.

आर्जियाने त्याला पहिल्या क्षणी ओळखलं होतं. डावा खांदा जरा वर, तस्साच. तिने त्याला पायापासून डोक्यापर्यंत पाहिलं आणि मिर्कोला म्हणाली,

"यांना सांग, हा तो नव्हे."

"काय?"

"मी या माणसाला ओळखत नाही. फोटो बघून कोणीतरी आलाय. सांग त्यांना."

"आर्जिया! अगं, मी नेविओ!" म्हातारा ओरडला. "देवाची शप्पथ! त्या नोर्माला विचार! नोर्मा, ए नोर्मा, सांग हिला!"

समोरच्या खिडकीत नोर्मा उभी होती. नोर्माने आर्जियाकडे पाहिलं, त्याच्याकडे पाहिलं आणि खिडकी लावून घेतली.

मिर्को मूर्ख नव्हता. हा तोच आहे हे त्याला कळलं, आणि तो घरात गेला तर आपली गोष्ट संपली हेही कळलं. त्याने घसा साफ केला आणि पाहुण्यांना इंग्रजीत सांगितलं. काय सांगितलं, ते त्यांच्या चेहऱ्यांवर दिसलं. मघाशी टाळ्या वाजवणाऱ्या दोन धिप्पाड पुरुषांनी म्हाताऱ्याला दोन्ही दंडांना धरलं आणि त्याला बोलत, रडत, पाय घासत गल्लीबाहेर नेऊन सोडलं. त्याची टोपी फरशीवर पडली होती. ती त्याच्या मागे कोणी नेली नाही. लाल डोळ्यांच्या बायकांनी आर्जियाला मिठ्या मारल्या. केवढा मोठा धक्का बसला बिचारीला! त्या दिवशी पाव ठेवायला पट्टी पुरली नाही.

रात्री आर्जिया पोटभर जेवली. झोपही लागली. तिला स्वतःचीच भीती वाटली ती एवढ्यावरूनच.

नोर्माने खिडकी लावली होती ती आर्जियाची लाज राखायला नव्हे. तिने सरळ तुरीनला फोन लावला. "लोरेदाना, बाळ, सांगू नये पण सांगते. तुझ्या आईचं डोकं गेलं. सख्खा नवरा समोर उभा, आणि बाईने ओळखलं नाही. एकटी राहते, उद्या गॅस चालू ठेवेल."

लोरेदाना शनिवारी आली. बरोबर वृद्धाश्रमाची माहितीपत्रकं घेऊन. तिने आईला टेबलाशी बसवलं आणि लहान मुलाशी बोलावं तसं बोलू लागली. आज वार कोणता? दुपारी काय खाल्लंस? तिथे बाग आहे, आई, नर्स आहे, दर गुरुवारी गाणी असतात.

"माझं डोकं ठिकाणावर आहे," आर्जिया म्हणाली.

"मग बाबांना का नाही ओळखलंस?"

ओळखलं नाही म्हटलं की घर जात होतं, वृद्धाश्रम येत होता. ओळखलं म्हटलं की मुलगी जात होती.

"ओळखलं होतं," आर्जिया म्हणाली.

"आजारी आहेस म्हणून मी आले होते," लोरेदाना म्हणाली. "ते तटाखालच्या बाकावर झोपत होते, आई. आता चर्चच्या आश्रयाला आहेत. मी भेटून आले. खोकतायत."

"मी काय भोगलं ते तुला..."

"मला माहीत आहे तू काय भोगलंस. मीही होते त्या घरात." तिने माहितीपत्रकं पर्समधे परत घातली. "घर त्यांच्या आईचं होतं. म्हणजे त्यांचं आहे. मी संध्याकाळी त्यांना घेऊन येते. नको असेल तर तू निघ."

आर्जिया निघाली नाही. शहात्तराव्या वर्षी निघून जाणार कुठे?

नेविओ आला तो सासूच्या जुन्या खोलीत राहू लागला. त्याने काही जाब विचारला नाही. माफीही मागितली नाही. आठवड्याभरात तो असा वावरू लागला, जणू मधे कुठे गेलाच नव्हता. खिडकीतली खुर्ची त्याला आवडली, कारण तिथे ऊन यायचं. बनियनवर बसायचा, मिशीत सुपाचे थेंब, आणि सायकली आल्या की पाहुण्यांना हात करायचा. मिर्कोने दोन-तीनदा गोष्ट वळवून पाहिली. परत आलेला नवरा बघायला लोक थांबायचे, फोटो मात्र काढायचे नाहीत. मग त्याने वाट बदलली. पलीकडच्या बोळात एक आंधळा व्हायोलिन दुरुस्त करणारा सापडला होता.

नोर्मा कधी दारात भेटली की म्हणायची, "चला, शेवटी संसार झाला तुझा."

ती भोपळ्याचं सारण भरून पास्ता करायची, दोन ताटं मांडायची, आणि तो खुर्चीतून उठून टेबलाशी यायचा. पहिला घास घेऊन म्हणायचा, "मीठ कमी आहे."

ती मिठाची बरणी सरकवायची.