काकांनी पाहिलेले सशाचे दात

आमच्या सशाएवढं जनावर पुंडलिकनगरात दुसरं नव्हतं. गल्लीतली कुत्री त्याला पाहून शेपूट घालायची. दूधवाल्यानं तर एकदा लांबून पाहून गाय कधी व्याली म्हणून विचारलं. हे मी शपथेवर सांगतो; शपथा माझ्याकडं भरपूर आहेत.

लेकीचा जीव त्याच्यात अडकलेला. आणि आमच्या घरात माया करायची रीत एकच, खायला घालायचं. सकाळी चहात बुडवलेला पाव, दुपारी मऊ भात, संध्याकाळी येईल त्या पाहुण्याच्या हातचं बिस्कीट. गवताचं नाव काढलं की आई उसळायची, "गवत ढोरं खातेत. हे घरातलं लेकरू हाय."

मग लेकरू लाळ गाळू लागलं. आमच्या नळाला पाणी आठवड्यानं, सशाची हनुवटी मात्र चोवीस तास ओली. बिस्कीट तोंडात घ्यायचा आणि तसंच खाली टाकायचा.

"बाबा, त्याचं तोंड दुखतंय. डॉक्टरकडं नेऊ," लेक म्हणाली.

नेमके त्याच दिवशी करमाडहून माझे चुलते आले. बैलबाजारात काकांचा शब्द शेवटचा. ओठ उचलून दात बघितले की बैलाचं वय, मालकाचा खोटेपणा आणि औंदाचा पाऊस, तिन्ही सांगणार. त्यांनी सशाला मांडीवर घेऊन ओठ वर केला. दात असे वाकून बाहेर आलेले, की हत्तीनं उसने मागावेत.

"व्वा! म्हाताऱ्या ढोराचे दात झिजतेत. ह्याचे तर वाढायलेत! लई जवान गडी हाय."

"आजोबा, तो खात नाय ओ."

"पोट भरलं असंल. डॉक्टर काय, उगं चिमटा लावंल."

सगळ्यांच्या माना डोलल्या. माझी सगळ्यांत जोरात.

शेवटी ससा हलेना तेव्हा त्याला टॉवेलात गुंडाळून नेलं. डॉक्टरांनी तोंडात बॅटरी मारली. "सशाचे दात जन्मभर वाढतात. गवत चावून झिजले तर ठीक. आत दाढांना टोकं आलीत, जीभ फाटली आहे. उपाशी राहून पोटही बंद पडलंय." त्यांनी दाढा घासल्या, औषध दिलं. तरी घरी पोचायच्या आत ससा टॉवेलातच गेला.

"नजर लागली," काका फोनवर म्हणाले. पुढच्या खेपेला ते एक पांढरं पिल्लू घेऊन आले. सोबत त्याच्यासाठी बिस्किटाचा पुडा.

लेकीनं पिल्लू हातात घेतलं, ओठ उचलून दात पाहिले आणि परत त्यांच्या पिशवीत ठेवलं.

"आजोबा, याला करमाडलाच न्या. तिथं बांधावर गवत आहे."

काका बिनचहाचे गेले. शहरात राहून पोरगी माजली, असं बैलबाजारात सांगतात म्हणे. सशाची गोष्ट मात्र त्यांनी कुणाला सांगितलेली नाही.

पुडा आईनं फोडला. घरात चहात बुडवून सगळ्यांनी खाल्ला, लेक सोडून.