साहेबांनी न प्यायलेलं पाणी

टेकडीपलीकडे अणुभट्टीचा कचरा पुरायला लागल्यापासून दर महिन्याला एक साहेब आमच्या वाडीच्या विहिरीचं पाणी तपासायला नेतात. गावानं विरोध केला, अर्ज दिले. कचरा आला तो आलाच. परवाही साहेब आले. तपासणीची बाटली भरून झाल्यावर शेजारच्या सुमनकाकूंनी रिवाजाप्रमाणे गुळाचा खडा आणि तांब्याभर पाणी पुढे ठेवलं.

"पाणी चांगलं आहे ना, साहेब?"

"एकदम चांगलं," ते म्हणाले. गूळ तोंडात टाकला आणि पिशवीतली स्वतःची बाटली काढून पाणी प्यायले.

गाडी गेली. तांब्या भरलेलाच राहिला. पाणी गढूळ झालं तर दिसतं, खारट झालं तर जिभेला कळतं. टेकडीपलीकडचं काही त्यात उतरलं असेल, तर ते कशानं ओळखायचं?

"फुकट कशाला घालवायचं," म्हणत काकूंनी तोच तांब्या माझ्यापुढे केला.

मी प्यायले. गोडच होतं, नेहमीसारखं. याच पाण्यावर मी लहानाची मोठी झाले, पण पिण्याआधी तांब्यात डोकावून पाहिलं ते परवा पहिल्यांदाच. मान वर केली, तेव्हा काकू माझ्याकडेच बघत होत्या.