वरची सालं खाली

वारलू कोणाच्याही घरी चार तासांच्या वर बसत नाही. पंगतीत असो, भजनात असो, दवाखान्याच्या रांगेत असो. वेळ झाली की उठतो, अंगणात एक चक्कर मारतो, तळवे एकमेकांवर चोळतो आणि परत येतो. गावात म्हणतात, याच्या पायाला भिंगरी आहे. त्याची बायको आशाबाई म्हणते, "भिंगरी नाई जी, घड्याळ हाय. नाशिकवाल्यायनं पोटात बसवून देल्लं."

तिचं खरं आहे. चंद्रपूरकडच्या मूल तालुक्यातल्या आपल्या गावातून वारलू चौदा वर्षं नाशिककडे जात होता. धान मळून झालं की ठेकेदाराची जीप यायची. जानेवारीत निघायचं, एप्रिलच्या शेवटी यायचं. तिकडे वाइनचा कारखाना होता आणि कारखान्यात त्याचं काम एकच होतं: सालं दाबायची.

पहिल्या दिवशी त्याने काळं द्राक्ष दोन बोटांत चिरडून पाहिलं. रस निघाला तो पाण्यासारखा. तो मुकादमाला म्हणाला, "रंग कुठी गेला?" मुकादम म्हणाला, "रंग सालीत. तुरटपणाही सालीत. रसाला तो आपोआप लागत नाही, लावावा लागतो. त्यासाठीच तुला आणलाय."

द्राक्षं चिरडून टाकीत भरली की दुसऱ्या दिवशी रस आंबायला लागतो. आतून वायू सुटतो आणि सालांना वर ढकलतो. वीतभर जाडीचा थर रसावर तरंगत राहतो. तसाच राहू दिला तर वरून वाळतो, चिलटं बसतात, आंबूस होतो. आणि खालचा रस फिका तो फिकाच. म्हणून दर चार तासांनी तो थर खाली दाबायचा. लांब दांड्याला खाली तवा बसवलेला असतो. टाकीच्या तोंडावर फळी, फळीवर माणूस. आधी कडेकडेने, मग मध्ये. एका फेरीला साठ-सत्तर दाब. पहिले दहा जीव काढतात, कारण थर चामड्यासारखा घट्ट झालेला असतो. मान आत घालायची नाही. त्या वायूने माणूस पडतो. जोर खांद्याने लावायचा नाही, कमरेने लावायचा. हे वारलूला तिसऱ्या वर्षी समजलं. तोवर उजवा खांदा गेला होता.

तिकडची माणसं त्या थराला टोपी म्हणत. रस काढून घेतल्यावर उरतो तो चोथा, आणि काम न होणाऱ्या म्हाताऱ्या मजुरालाही मुकादम चोथाच म्हणे. इकडे गावात तेच फोतर. निकामी पोरगं फोतर, पोकळ बोलणं फोतर. वारलूला हे पटत नसे. ज्यातून सगळा रंग येतो त्याच्या नावाने लोक शिवी काय देतात? पण तो वाद घालत नसे. दांडा उचलून टाकीवर चढत असे.

मागच्या उन्हाळ्यात मूलच्या रस्त्यावर, जुन्या राईस मिलच्या शेडमध्ये, जांभळाच्या वाइनचा छोटा कारखाना सुरू झाला. मिलच्याच मालकाने काढलेला, रीतसर परवाना घेऊन. कामावर देखरेख दिव्यानीची. चंद्रपूरच्या ऊर्जानगरात, वीज केंद्राच्या क्वार्टरमध्ये वाढलेली, नागपुरात शिकलेली, पंचविशीची मुलगी. खालचा रस वरच्या सालांवर ओतणाऱ्या पंपात जांभळाचा गर अडकतो म्हणून ती हैराण होती. वारलू चौकशीला गेला तेव्हा तिने विचारलं, "भाऊ, तुम्हाला कॅप दाबता येते?"

"टोपी म्हना, कॅप म्हना, साय म्हना. दाबता येते."

मालकाने ठरवलं, दोन टाक्या भरायच्या. एक पंपावर, एक वारलूच्या हातावर. वारलूची टाकी रंगाच्या आणि चवीच्या कसोटीला उतरली तर त्याला बारमाही कामावर ठेवायचं. जांभळानंतर बोरं, मग करवंदं, मधल्या काळात बाटल्या भरणं आणि टाक्या धुणं. नाही उतरली तर जानेवारीत ठेकेदाराची जीप आहेच.

वारलू सत्तावन्न वर्षांचा. आशाबाईचे गुडघे सुजलेले. चौदा हिवाळे तिने घर, ढोरं, पाणी एकटीने ओढलं. ती एवढंच म्हणाली, "यंदा ते पिशवी माळ्यावरून खाली नाई आली पायजे." वारलूने सागाचा दांडा स्वतः तासला, लोहाराकडून तवा बसवून घेतला आणि जून संपता संपता शेडमध्ये मुक्काम टाकला.

टाकी भरली. बिया वेगळ्या काढल्या, गर आणि सालं ठेवली, साखर-पाणी दिव्यानीने मोजून घातलं. तिसऱ्या दिवशी थर वर आला. चार दिवस वारलूने एक फेरी चुकवली नाही. रस गुलाबी झाला होता, काळा व्हायचा होता. अजून तीन दिवस आणि मग गाळायचं.

दाबायला लागल्यापासून पाचव्या दिवशी सकाळी सिरोंच्याहून फोन आला. बहीण रुखमाबाईचा नवरा वारला होता; भाताच्या रोवणीमुळे तेरवीही उद्याच उरकणार होते. त्या दिवशी विधवेच्या अंगावर माहेरचं लुगडं पडावं लागतं आणि माहेर म्हणजे एकटा वारलू. तो गेला नाही तर त्या गावात बहीण उघडी पडेल. सिरोंच्याला जायचं म्हणजे दिवसभर बस, आलापल्लीच्या पुढे हाडं खिळखिळी करणारा रस्ता. यायला तेवढाच वेळ.

आणि मागे टाकीजवळ कोणाला ठेवणार? रोवणीचे दिवस. गावातला हात न् हात चिखलात. दिव्यानी कागदपत्रांसाठी चंद्रपूरला गेलेली, तीन दिवसांनी सकाळी मालकाला घेऊन नमुना पाहायला येणार. पंपाची टाकी पाहणारा वॉचमन त्या पंपालाच भीत होता. रिकामा माणूस एकच, मुखरूभाऊ. सत्तरीचा. रोवणीला वाकता येत नाही, पण हात अजून लोखंडी. जवानीत मोहाची काढण्यात अख्ख्या पट्ट्यात नाव होतं त्याचं.

वारलूने बसची वेळ पाहत त्याला सांगितलं, "भाऊ, हे वरचं खाली दाबजा. दर चार तासानं. कडेनं सुरू करजा."

"अबे, तू मले शिकवून राह्यला?" मुखरू म्हणाला. "तुझ्या बापानं माझ्या हातची पेली हाये. जा, बहिनीकडे जा."

वारलू गेला. बसमध्ये त्याला बसवेना. आष्टीला उतरून चक्कर मारली, आलापल्लीला मारली. कंडक्टर म्हणाला, "काका, पोट बिघडलं का?" तेरवीला बहिणीच्या खांद्यावर लुगडं टाकलं तेव्हा तिने त्याचा हात घट्ट धरला आणि त्याच वेळी त्याच्या मनात आलं, आता दुसरी फेरी. त्याला स्वतःची लाज वाटली. जेवणं उरकताच त्याने मिळेल ती गाडी धरली. बहीण म्हणाली, "दादा, एक रात तरी थांब." त्याने तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि गाडीत चढला.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो शेडच्या दारात आला आणि वासाने जागीच थांबला. आंबूस. नाकात टोचणारा.

टाकीच्या तोंडावर पळसाची पानं पसरली होती, त्यावर ओलं पोतं, पोत्यावरून दोरी आवळलेली. बाजूला मुखरू काठी घेऊन बसला होता. दोन दिवसांत तो जेवायलाही घरी गेला नव्हता.

"कोनाले हात लावू देला नाई," तो म्हणाला. "वॉचमन आल्ता झाकन उघडाले. हाकलून देल्लं त्याले."

"तुमी दाबलं का?"

"एकडाव दाबलं. तं ते उसळून वर आलं, फुसफुस करू लागलं. म्या म्हनलं, पकडलं यानं, आंबाले लागलं. आता याले छेडाचं नाई. मोहाचा माठ फुसफुसाले लागला का हालवते का कोनी? झाकते, बांधते अन् दूर बसते."

वारलूने दोरी सोडली. थर वाळून तडकला होता. कडेला पांढुरकी बुरशी. चिलटांचा ढग उठला. त्याने मुखरूकडे पाहिलं. म्हाताऱ्याने चोरी केली नव्हती, झोप काढली नव्हती. आयुष्यभर ज्याने माठ पिकवले ते त्याने केलं होतं. चूक वारलूची होती. त्याने काम तोंडाने सांगितलं, हातात दांडा देऊन करवून घेतलं नाही. बसची घाई होती म्हणून. कामात घाईचं कारण चालत नाही, हे त्याला चौदा वर्षं माहीत होतं.

मुखरूच्या हळूहळू ध्यानात आलं. तो उभा राहिला. "बिघडलं का बे?"

"वरचं बिघडलं. खालचं अजून हाय."

"मंग दाबून टाक ना सारं खाली. कोनाले दिसते?"

तेच तर होतं. दिसलं नसतं. वाळलेली सालंसुद्धा रसात गेली की रंग सोडतात. उद्या मालकाने ग्लास उजेडात धरला असता तर काळाभोर दिसला असता. आंबटपणा अंगात भिनायला महिना लागतो. तोवर वारलू बारमाही कामावर असता, आणि बिघाड कशाने झाला हे कोणी सांगू शकलं नसतं.

त्याने दांडा उचलला. तवा थरावर टेकवला. तसाच उभा राहिला. मग दांडा भिंतीला लावला, बाह्या वर सारल्या, फळीवर पालथा पडला आणि तोंड बाहेर वळवून दोन्ही हातांनी वरचा थर खरवडायला लागला.

"घमेलं द्या."

मुखरूने घमेलं दिलं. एक भरलं, दुसरं भरलं. अकरा घमेली निघाली. वारलू दर घमेल्यामागे खाली उतरे, दाराशी जाऊन मोकळा श्वास घेई, परत चढे. कोपरापर्यंत हात जांभळे झाले. शेवटी खाली ओली, मऊ, चांगली सालं लागली. जेमतेम तिसरा हिस्सा उरला होता.

मग त्याने मुखरूला फळीवर घेतलं. दांडा त्याच्या हातात दिला आणि वरून स्वतःचे हात ठेवले. "कडेनं. असं. जोर कमरेतून. फुसफुसलं का भ्याचं नाई, ते बोलावते आपल्याले."

"माठ बोलावत नाई बे."

"माठ नाई बोलावत. हे बोलावते."

मुखरूने साठ दाब मारले. धापा टाकत म्हणाला, "याच्यापेक्षा रोवना बरा." त्या दिवशी प्रत्येक फेरी दोघांनी मिळून मारली.

सकाळी दहाला दिव्यानी आणि मालक आले. तिने दोन ग्लास भरले आणि खिडकीत धरले. पंपाची टाकी गडद, वारलूची फिकट, पाणी घातलेल्या सरबतासारखी. मालकाच्या कपाळावर आठ्या पडल्या.

"हाच का हाताचा रंग?"

वारलू म्हणाला, "नाई जी. या इकडे." आणि त्यांना शेडमागे नेलं. अकरा घमेल्यांचा ढीग तिथे होता, त्यावर चिलटं. त्याने जे झालं ते सांगितलं, तेरवीपासून पळसाच्या पानापर्यंत. स्वतःची चूक आधी सांगितली. मुखरू शेडच्या आडोशाला उभा होता. त्याचं नाव घेतलं, पण दोष दिला नाही.

दिव्यानीने ढिगातली मूठभर सालं हुंगली. मग ग्लासातला घोट तोंडात घोळवून थुंकला. पुन्हा एक घेतला. "स्वच्छ आहे," ती म्हणाली. "फिकी आहे, पण आंबट नाही. हा ढीग आत असता तर ऑगस्टमध्ये अख्खी टाकी फेकावी लागली असती, सर. आणि आपल्याला कळलंही नसतं का ते."

मालकाने पायाने ढीग उसकटून पाहिला. राईस मिलचा माणूस. कोंडा आणि तांदूळ त्याला नजरेने कळे. तो म्हणाला, "टाकी कसोटीला उतरली नाही, हे खरं ना?"

"खरं."

"एक माणूस दोन दिवस गेला, टाकी गेली. असं एका माणसावर काम ठेवून चालणार नाही मला. पुढच्या खेपेला दोन लागतील. पाळीपाळीनं." त्याने वारलूकडे बोट केलं. "तू एक. दुसरा कोण?"

वारलूने आडोशाकडे पाहिलं. मग तो म्हणाला, "मुखरूभाऊ."

"ज्यानं बिघडवली तो?"

"तोच. त्याच्या हातून हे आता होनार नाई. नव्याच्या हातून होईन."

आडोशामागून मुखरू खोकला. दिव्यानीने तोंडावर ओढणी धरली. मालक हसला नाही, पण नाहीही म्हणाला नाही. गाडीत बसताना म्हणाला, "बोरांच्या वेळी दोघंही या."

दिव्यानीने शेडमध्ये कामाच्या सूचनेसाठी फळा लावला. काय लिहू, म्हणून तिने वारलूला विचारलं. कॅप लिहिलं तर मुखरूभाऊंना कळणार नाही, टोपी लिहिलं तर वॉचमन हसेल. वारलू म्हणाला, "वरची सालं खाली. बस." तिने तेवढंच लिहिलं. मुखरूला वाचता येत नाही. त्याने विचारून घेतलं आणि पाठ केलं.

जानेवारीत ठेकेदाराची जीप गावात आली. हॉर्न वाजला. वारलू जेवत होता. त्याचा हात थांबला. आशाबाई भाकर थापता थापता थांबली आणि तिची नजर माळ्याकडे गेली. पिशवी तिथेच होती. जीप चौकात थोडी घुटमळली, दोन-चार पोरांना घेऊन निघून गेली.

वारलू तरी उठलाच. अंगणात गेला, तळवे चोळले.

"अजी, जेवाले बसा ना," आशाबाई म्हणाली. "आता कोठी जाता?"

त्याने सांगायच्या आत कुंपणाबाहेरून काठी आपटली. मुखरू उभा होता, डोक्याला दुपट्टा गुंडाळून, दम लागलेला.

"काऊन बे, झोपला का? बोरांचं वर आलं असन. टाइम झाला."

"अजून अर्धा तास हाय, भाऊ."

"तुझ्या घड्याळात असन," मुखरू म्हणाला आणि वाट न पाहता शेडच्या रस्त्याला लागला.