कबरीवरचं नाव

सदाशिवराव कळंबचे निवृत्त मास्तर. जिल्ह्यातली जुनी देवळं, बारवा, गढ्या यांवर लिहून झालं आणि ते या भागातल्या पहिल्या ख्रिस्ती कुटुंबांच्या मागे लागले. मास्तर आता बाटणार, असं लोक हसत म्हणाले. मास्तरांनी तिकडे लक्ष दिलं नाही. लक्ष न देण्यात त्यांचा हात धरणारा माणूस मी पाहिलेला नाही.

मारेगावकडच्या एका गावी पऱ्हाटीच्या, म्हणजे कपाशीच्या शेताच्या धुऱ्यावर, बांधाला लागून एकच कबर आहे. गावातली पहिली ख्रिस्ती बाई तिथे पुरलेली, एवढंच सगळ्यांना ठाऊक. तिच्या वंशातली म्हातारी शीलाबाई तिथे दरवर्षी मेणबत्ती लावते. "मले तिचं नाव शोधून द्या, गुरुजी," ती म्हणाली होती. "मराच्या आत एकदा नाव घेऊन लावतो."

दगडावर वर बायबलातलं वचन दिसत होतं. नाव मातीखाली गेलं होतं. मास्तरांनी वर्तमानपत्रात लेख लिहिला आणि सरपंच नेमसिंगला फोन केला, "माती तेवढी काढून ठेवा. रविवारी येऊन वाचतो."

लेखानं गाव फुलून गेलं. रविवारी मास्तरांसोबत मीही पोचलो तर मांडव, सतरंजी, खुर्च्या. कबरीला गुळगुळीत टाइल्स.

"अक्षरं कुठं गेली?" मास्तरांनी विचारलं.

"दगड आतच हाय ना," नेमसिंग कौतुकानं म्हणाला. "सिमेंट धरलं पायजे म्हणून मिस्त्रीनं त्याले छिन्नीनं टाचे मारले. चांगले खोल."

"खालचं नाव कोणी वाचलं?"

"आमी कायले वाचतो? तुमी येऊनच राह्यले होते ना वाचाले."

माझं डोकं फिरलं. मास्तरांना मात्र काहीच वाटलं नाही, राग नाही की दुःख नाही. तसं त्यांनी मला नंतर सांगितलंही. त्यांनी शाल घेतली, नारळ मांडीवर ठेवला, भाषणं ऐकली, दिलेले पोहे संपवले.

मग शीलाबाई आली. कबरीवर काळ्या दगडाची नवी पाटी होती, सोनेरी अक्षरांची. तिनं बोटानं एकेक अक्षर धरत वाचलं, 'शोधकर्ते श्री. सदाशिवराव गुरुजी.' पाटीच्या खाली पाहिलं, बाजूला पाहिलं.

"नाव तर तुमचंच हाय, गुरुजी."

"हो."

"लावू काय मंग?"

"लावा," मास्तर म्हणाले.

तिनं मेणबत्ती पेटवून त्यांच्या नावाखाली टेकवली आणि डोळे मिटले.