नासका नारळ आणि तिसरी घंटा

प्रयोगाआधी नटराजाची पूजा होते, नारळ फुटतो. हिंगोलीच्या आमच्या नाटक मंडळात तेवढा वेळ मी विंगेमागे उभी राहून येशूकडे प्रार्थना करायची. कुणाची हरकत नव्हती. माझ्या वाटचं खोबरं प्रकाशयोजनेवाले भाऊ बिनबोभाट खायचे.

अडचण होती ती चर्चमध्ये. पास्टरांचं म्हणणं, नाटक म्हणजे खोटं बोलणं. देवानं आपल्यासाठी काय केलं ते सगळ्यांसमोर उभं राहून सांगायचं, त्याला आमच्यात साक्ष म्हणतात. नाटक सोडेपर्यंत साक्ष द्यायची नाही, असं त्यांनी मला बजावलं. माझं डोकं सणकलं. आधी प्रयोग बघा, मग बोला, म्हटलं. तेही हट्टाचे पक्के. आले आणि शेवटच्या रांगेत बसले.

नेमका त्याच दिवशी नारळ नासका निघाला. दोन घंटा झालेल्या. सगळे माझ्याकडे बघायला लागले. नाटकात माझ्या नवऱ्याचं काम करणारा म्हणाला, हिनं नटराजापुढं हात जोडल्याशिवाय मी रंगमंचावर पाऊल टाकणार नाही. आमचे दिग्दर्शक, शाळेत मराठी शिकवणारे सर, नासका नारळच उलटापालटा करून बघत होते. तेलही गेलं, तूपही गेलं, असं मला वाटलं.

"सर, रडायला सांगा, शिव्या द्यायला सांगा, समदं करते," मी म्हटलं. "पर हात जोडायचं नाटक मी न्हाई करणार."

सरांनी नासका नारळ बादलीत टाकला, दुसरा फोडला आणि घंटेवाल्याला सांगितलं, "हिची प्रार्थना झाल्याबिगर तिसरी घंटा द्यायची न्हाई." नाटकातला नवरा तोंड वाकडं करून का होईना, विंगेत जाऊन उभा राहिला.

चर्चमध्ये हात वर करून अन्यभाषेत, म्हणजे पवित्र आत्मा तोंडी घालतो त्या कुणाला न कळणाऱ्या बोलीत, तासभर प्रार्थना करणारी मी. सगळे खोळंबलेत म्हटल्यावर चारच शब्द सुचले. प्रभू, आवाज तेवढा दे.

दिला. खाष्ट सासू मी अशी रंगवली, की पहिल्या रांगेतल्या बायका मला उघड शिव्या द्यायला लागल्या. शेवटी मुलगा घर सोडतो आणि सासू एकटी रडते, तिथं मात्र सभागृह चिडीचूप. पडदा पडला तरी टाळ्या थांबेनात. नाटकातल्या नवऱ्यानंच माझा हात धरून मला पुढं नेलं. एवढा आनंद मला आयुष्यात झाला नव्हता.

मेकअप उतरवत होते, तेवढ्यात पास्टर येऊन उभे राहिले. डोळे लाल. मी काही विचारायच्या आत म्हणाले, "ताई, रविवारी साक्ष तुमी द्यायची. अन् आवाज आजच्यावानी शेवटच्या रांगेपर्यंत आला पाहिजे."